अनंता, तू सोहारचं नाव घेतलंस

अनंता,

इथल्या मराठी मंडळाच्या चिटणिसांनी मला सांगितलं की अंकात तुझ्यावर लिहा. मस्कतात तुला लहानपणापासून ओळखणारा मी एकटाच निघालो. त्यांनी सोबत एक कागद दिला. जन्म कुठला, शिक्षण किती, जर्मनीत कुठल्या विद्यापीठात शिकवलं, पुस्तकं किती. मी तो कागद तिथंच परत दिला. म्हटलं, हे सगळं तुमच्या मोबाइलात मिळेल, माझ्याकडे नाही मिळणार. माझ्याकडे जे आहे ते लिहीन, शुद्धलेखन तुम्ही बघा. माणूस चौथी पास आहे.

चौथीपर्यंत आपण एका पाटावर बसलो. गणितात मी तुझ्या पुढं होतो, हे तू कधी कबूल केलं नाहीस. आता तू नाहीस म्हणून मी ते सोडून देईन असं समजू नकोस.

उर्सुलावहिनीचा फोन मुलाच्या मोबाइलवर आला. समीर ऑफिसला निघत होता, खाली गाडीपाशी होता, तसाच वर आला. तिच्याशी इंग्रजीत दोन वाक्यं बोलला आणि फोन माझ्या कानाला लावला. वहिनी म्हणाली, "दत्तू, अनंत गेलो." एवढंच. तू तिला आपली मालवणी शिकवलीस ती जेवायला ये, मासे ताजे आहेत का, असल्या कामांसाठी. ती तिला ह्या कामाला वापरावी लागली. मी हूं म्हटलं. बाईमाणसाला धीर द्यायला पाहिजे होता. समीरनं फोन घेतला तेव्हा माझी नात तन्वी शाळेची बॅग पाठीला लावून उभी होती. म्हणाली, "आजोबा, ते टीव्हीवाले आजोबा?" मी म्हटलं, हो, तेच.

तिच्या लेखी तू टीव्हीवालाच. सोहारच्या माझ्या जुन्या खोलीतल्या माणसांच्या लेखीही टीव्हीवाला. मी एकटाच तुला चड्डीत पाहिलेला.

तुला आठवतं, तू पहिल्यांदा फोनवर सांगितलंस की दत्तू, मला इथं टीव्हीवर बोलावतात. मी विचारलं, गातोस काय? तू हसलास. म्हणालास, देशाचा कारभार कसा चालवावा, पैसा कुठं घालावा, कामाला माणसं कमी पडतात ती कुठून आणावी, असल्या गोष्टींवर चार-पाच जणांना बसवून भांडायला लावतात, त्यातला मी एक. मी तेव्हा सोहार औद्योगिक वसाहतीत फॅब्रिकेटर. खोलीत आम्ही सहा जण. वसईचा पास्कल इलेक्ट्रिशियन, त्याला म्हटलं, पास्कल, माझा मित्र जर्मन टीव्हीवर येतो, चॅनेल काढ. त्यानं दोन शुक्रवार गच्चीवर उन्हात घालवले, डिश इकडं फिरव, तिकडं फिरव, आणि काढलं. तुमचा तो कार्यक्रम शुक्रवारी दुपारी परत लागायचा. आमची सुट्टी. जेवणं उरकून सहाही जण खाटांवर बसायचे.

अरे, काय ऐट होती माझी. गोल टेबल, समोर पाण्याचे ग्लास, खाली तुझं नाव लिहिलेलं, आणि सगळ्या गोऱ्या तोंडांत एक आपलं कोकणातलं तोंड. तुला नेहमी कडेला बसवायचे. मी फोनवर तुला झापायचो, कडेला का बसतोस, मध्ये बस. तू म्हणायचास, खुर्च्या ते ठरवतात. ग्लास हातात धरून ठेवायचास आणि पाणी प्यायचा नाहीस. एक घाऱ्या डोळ्यांची बाई तुला बोलूच द्यायची नाही. एक जाडा कारखानदार होता, तो तुझ्या बाजूनं मान हलवायचा आणि शेवटी भलतंच काहीतरी बोलायचा. खोलीत आम्ही दोघांना नावं ठेवली होती. ती इथं लिहीत नाही, अंक बायका वाचतात.

भाषा कुणालाच येत नव्हती. पण परशुराम म्हणून खेडचा एक जण होता, ग्राइंडरवर काम करायचा. त्यानं मला विचारलं, "दत्ताकाका, साहेब बोलतायत काय?" आता मला माहीत नाही असं मी कसं म्हणणार. माझा मित्र, माझ्या पाटावरचा. आणि मला खरंच वाटायचं की मला कळतंय.

ते का वाटायचं, हे मी तुला कधी नीट सांगितलं नाही, ते आता सांगतो. यार्डात आवाज एवढा की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही. वर तोंडाला मुखवटा. सगळं काम हातांनी. पंजा आडवा म्हणजे थांब. बोट वर करून फिरवलं म्हणजे क्रेन उचल. हाताची कड आपटली म्हणजे काप. आणि दोन मुठी समोरासमोर आणून एकीला एक टेकवली, म्हणजे जोड, दोन्ही भाग एकत्र आण. तीस वर्षं मी तसंच बोललो आणि तसंच ऐकलं. अरबाबचं म्हणजे मालकाचं, पाकिस्तानी फोरमनचं, केरळच्या हेल्परचं, कुणाची भाषा लागली नाही. आणि टीव्हीवर तू काय करत होतास? घारी बाई गप्प बसली की दोन मुठी पुढं घ्यायचास आणि एकीला एक टेकवायचास. एकदा नाही, दर शुक्रवारी.

विषय मला तू सांगितलेला होता, बाहेरून कामाला माणसं आणण्याचा. मुठी मी बघत होतो. मी खोलीला सांगितलं, तो म्हणतोय, माणूस कामाला बोलावता तर त्याची बायको तिकडे आणि तो इकडे असं ठेवू नका. दोघांना एका ठिकाणी आणा.

बायकोला व्हिसा मिळण्याएवढा पगार आमच्यातल्या कुणाचाच नव्हता, आणि असता तरी सहा माणसांच्या खोलीत बायको कुठं ठेवणार. दोन वर्षांनी दोन महिने घर. मुलं फोटोत मोठी होतात. हे आम्ही एकमेकांत कधी बोलत नसू, लाज वाटायची. आणि टीव्हीवर कोट घातलेला आपला माणूस ते बोलतोय. परशुरामनं विचारलं, "खरंच असं बोलले?" मी म्हटलं, मग काय मी खोटं सांगतोय?

त्यानंतर दर शुक्रवारी मी सांगत गेलो. आज बाई म्हणाली खर्च वाढेल, तर त्यानं तिला असं उत्तर दिलं. आज कारखानदार नरमला. मला सुचायचं, अनंता. तुझ्यासारखा मीही दर आठवड्याला बोलत होतो.

तू गावी जाताना मस्कतात उतरून सोहारला आलास, ती दुपार. भाड्याची गाडी करून अडीच तास आलास, कोट हातात, घामानं निथळलेला. पास्कलनं सुरमईचं कालवण केलं होतं. तुला खालच्या खाटेवर बसवलं. जेवण झालं आणि पास्कल उभा राहिला. त्यानं आधी मनात पाठ केलं असावं. म्हणाला, "साहेब, तुम्ही टीव्हीवर आमच्या बायकामुलांसाठी भांडता, आम्हाला दत्ताकाकांनी सगळं सांगितलंय. आमच्यासाठी असं कोण बोलत नाही. थँक्यू."

तू माझ्याकडं बघितलंस. मी खाली ताटाकडं बघत होतो. मला वाटलं, गेलं, आता माझी अब्रू गेली. तू म्हणालास, "बोलतो खरा. बोलायलाच पाहिजे." आणि हात धुवायला उठलास.

बाहेर गाडीपाशी मला धरलंस. "दत्तू, मी असा कधी बोललंयच नाय."

मी मुठी जुळवून दाखवल्या. तू कपाळाला हात लावलास. म्हणालास, ते मी दोन सरकारी खाती एकत्र करा असं सांगतो, परदेशी माणसाचे कागद एक खातं बघतं, नोकरी दुसरं, त्यात वर्ष जातं. मला राग आला. तुझा नाही, त्या खात्यांचा. एवढा शिकलेला माणूस मुठी जुळवतो, आणि कशासाठी, तर दोन खात्यांसाठी.

मी म्हटलं, "मगे बोल."

तिथून आपलं भांडण सुरू झालं, ते संपलं नाही. तू म्हणालास, तिथं अर्धं मिनिट मिळतं. आधीच लोक बिथरलेले आहेत, बाहेरचे येतात म्हणून. मी बायकामुलांचं काढलं तर माणसालाही दार बंद करतील. आधी दार उघडू दे. मी म्हटलं, एवढंसं दार उघडतोस की माणूस आडवा होऊन आत जातो आणि बायको बाहेर राहते. तू म्हणालास, हळूहळू होतं. मी म्हटलं, हळूहळू म्हणजे किती, आमची तर वयं झाली. तुझ्याकडं आकडे होते, माझ्याकडं पास्कल होता. शेवटी तू गाडीत बसताना म्हणालास, बोलेन एक दिवस, पण तुला कसं कळणार? मी म्हटलं, सोहारचं नाव घे. बाकी जर्मन जाऊ दे खड्ड्यात, सोहार म्हटलेलं मला कळेल.

मग शुक्रवारी मी ऐकायला बसायचो. खोलीला काही सांगितलं नव्हतं. ते तुझ्याकडं बघायचे, मी एका शब्दाची वाट बघायचो. तो यायचा नाही. कार्यक्रम संपला की परशुराम विचारायचा, आज काय बोलले? आणि मी सांगायचो, तेच, नेहमीचं.

तेव्हा मला थांबता आलं असतं. थांबलो नाही.

त्याच खेपेला तू गावी पोचलास आणि आमच्या घरी गेलास, हे मला तुझ्याच फोनवरून कळलं. सुलूनं तुला कुळथाची पिठी आणि भात वाढला. मीच तिला फोनवर सांगून ठेवलं होतं, अनंत टीव्हीवर काय बोलतो ते. ती तुला पंखा घालत म्हणाली, "भावोजी, मगे माझो नंबर कधी?" तू मला म्हणालास की ती हसत विचारत होती. चेष्टेनं. मग म्हणालास, "दत्तू, तू वैनीक पण सांगितलंस?" एवढंच म्हणालास, शिवी दिली नाहीस. मी फोन ठेवला. पुढचे दोन महिने तुझा घेतला नाही.

माझा स्वभाव तुला माहीत आहे. चूक माझी असली की मी जास्त भांडतो.

सुलू गेली तेव्हा मी यार्डात होतो. छातीत कळ आली म्हणाली आणि शेजारणीच्या मांडीवर गेली. कागद, तिकीट, विमान, पुढं गाडी. मी पोचलो तेव्हा घरात दिवा लावलेला होता आणि ती नव्हती. तू तेरा दिवस रोज फोन केलास. मी काही बोलायचो नाही. तूही नाही. फोन चालू ठेवून तू तिकडं तुझं काम करायचास, कागद उलटायचास, मला ऐकू यायचं. कधी खोकायचास. दहा-पंधरा मिनिटांनी म्हणायचास, उद्या करतो. शिकलेल्या माणसाला गप्प बसणं किती जड जातं, मला माहीत आहे. ते तू माझ्यासाठी केलंस.

आणि एक सांगायचं राहिलं. मी सोहारला परत आलो त्या शुक्रवारी खोलीत कार्यक्रम लावला होता. तू टाय लावला नव्हतास. सगळ्यांच्या गळ्यात टाय, तुझा गळा मोकळा, दाढी वाढलेली. घारी बाई बोलत होती आणि तू तिला उत्तर दिलं नाहीस. पास्कल म्हणाला, साहेबांची तब्येत बरी नाही वाटतं. मी म्हटलं, असेल. मला कळलं होतं, अनंता, कुणासाठी ते. ह्यात हातवारे नव्हते, तरी कळलं. तुला मी ते कधी सांगितलं नाही. का ते विचारू नकोस.

साठ झाली, माझा बताका, म्हणजे इथं राहायचं कार्ड, संपला, कंपनीनं हार घातला आणि सोडलं. गावी रिकाम्या घरात मी चार महिने काढले. मग समीर म्हणाला, बाबा, इकडे या. समीरचं इथं मस्कतात अल् खुवैरला ऑफिस, पगार बऱ्यापैकी, घुब्रात भाड्याचा फ्लॅट, बायको आणि मुलगी बरोबर. ज्या देशात मी एकटा राहिलो त्याच देशात माझा मुलगा संध्याकाळी घरी येतो आणि तन्वी त्याला दारात चप्पलही काढू देत नाही, आधी चित्र बघ म्हणते. मी ते सोफ्यावर बसून बघतो. मला आनंद होतो. मग उठून आत जातो.

इथं डिश लागत नाही, समीर टीव्हीवर इंटरनेटनं लावून देतो. तो ऑफिसला गेलेला असला की तन्वी लावते. तिनं मला विचारलं होतं, "आजोबा, तुम्हाला ते समजते?" मी म्हटलं, मला एक शब्द समजतो. ती म्हणाली, "फक्त एक?" मी म्हटलं, एक पुरे.

त्या दिवशी तू म्हातारा दिसत होतास. खुर्ची मात्र मध्ये होती, हे माझ्या लक्षात आलं. घारी बाई नव्हती, तिच्या जागी दुसरी. तू बोलायला लागलास तेव्हा हात टेबलाखाली होते. आणि मी ऐकलं. सोहार. तू तो ओमानी माणसासारखा नीट घशातून म्हटलास, आपल्यासारखा नाही. तन्वी ओरडली, आजोबा, सोहार, आपलं सोहार. मी तिला गप्प केलं. तू अजून बोलत होतास. पण पुढचं माझ्या कानात काही शिरलं नाही. माझ्या डोळ्यांसमोर सुलू होती.

संध्याकाळी तुझा फोन. "आयकलंस?"

मी म्हटलं, "आयकलंय. उशीर केलंस."

मग तू विचारलंस, तन्वी कितवीला गेली. मी सांगितलं. तू म्हणालास, छान. फोन संपला. हे आपलं शेवटचं बोलणं, ह्या कानानं ऐकलेलं. समीर म्हणाला होता, बाबा, काका काय म्हणाले ते मी तुम्हाला मराठीत सांगतो, लिहिलेलं येतं खाली. मी म्हटलं, मला कळलंय, तू नको शिकवूस.

तू गेल्याचं खोलीला सांगायला मी मागच्या शुक्रवारी सोहारला गेलो. समीरनं नेलं. फोनवर सांगता आलं असतं, पण ते बरोबर वाटलं नाही. खोलीत आता तीन जुने, तीन नवे. पास्कलचे केस गेलेत. मी सांगितलं. पास्कलनं कपाळाला, छातीला हात लावून क्रूस काढला. परशुराम म्हणाला, "शेवटचं काय बोलले ते दाखवा ना काका." समीरनं मोबाइलवर तो कार्यक्रम काढला, आणि मी नको म्हणायच्या आत तो खाली येणारी इंग्रजी अक्षरं वाचून मराठीत सांगायला लागला.

तेव्हा मला पहिल्यांदा कळलं, तू काय बोललास ते.

समीर वाचत होता: "सोहार नावाच्या गावात माझा एक मित्र आहे. तो लोखंड जोडतो. माझे कार्यक्रम बघून तो खोलीतल्या माणसांना सांगायचा की हा म्हणतोय, कामाला माणूस बोलावता तर त्याच्या बायकोमुलांनाही येऊ द्या. मी तसं कधीच म्हटलं नव्हतं. मी आकडे सांगत होतो. त्याची बायको वाट बघत गेली. जे तो माझ्या नावावर सांगत होता, ते खरं तर मीच सांगायला पाहिजे होतं. म्हणून आज सांगतो." असं म्हणून समीर थांबला. त्याच्या तेव्हा लक्षात आलं, आपण काय वाचलं.

तुला वाटलं असेल, जर्मनीत जर्मन भाषेत बोललेलं सोहारच्या खोलीपर्यंत कशाला पोचतंय. ज्या खोलीत तू माझी अब्रू झाकलीस, तिथंच ती तू उघडी केलीस, माझ्याच मुलाच्या तोंडून. आणि आणखी दोन गोष्टी. सोहार गाव नाही, मोठं बंदर आहे. आणि मी लोखंड जोडतो नाही, जोडायचो. अर्धं मिनिट मिळतं तर नीट बोलावं.

खोलीत कुणी माझ्याकडं बघेना. परशुराम मात्र बघत राहिला. म्हणाला, "म्हणजे इतकी वर्षं तुम्ही मनानं सांगत होतात?"

मी हो म्हटलं.

तो म्हणाला, "मी घरी बायकोला सांगितलेलं, काका. ती शेजारणींना सांगते अजून." आवाज चढवला नाही त्यानं. उठून चप्पल घातली आणि बाहेर गेला. मी त्याच्यामागं गेलो नाही. त्याला सांगण्यासारखं एकच होतं, की मीही घरी सांगितलं होतं. ते त्याला कळलंच होतं, समीरनं वाचलं त्यात.

पास्कलनं मोबाइल समीरच्या हातून घेतला, मागं नेला, पुन्हा लावला. सोहार शब्द आला तसा थांबवला, पुन्हा लावला. तीन वेळा. मग विचारलं, "ह्यांनी एवढं सांगितल्यावर बाकीचे काय म्हणाले?"

समीरनं माझ्याकडं बघितलं. पूर्वीचा मी असतो तर माझ्याकडं उत्तर होतं. बाई रडली, कारखानदार उभा राहिला, पुढच्या वर्षी कायदा येतोय. सगळं जिभेवर आलं होतं, अनंता. सवय वाईट. मी समीरला म्हटलं, काय असेल ते वाच. त्यानं वाचलं. त्या बाईनं तुला धन्यवाद दिले, म्हणाली, पण आपला प्रश्न किती माणसं लागतील हा आहे, आणि पलीकडच्या माणसाला विचारलं.

"बस?" पास्कल म्हणाला.

"बस," मी म्हटलं.

"मग आता कोण बोलणार?"

मी म्हटलं, "मला माहीत नाही, पास्कल." त्या खोलीत एवढ्या वर्षांत हे वाक्य मी पहिल्यांदा बोललो. छत कोसळलं नाही. पास्कल उठला, गॅसवरचं कालवण ढवळलं आणि म्हणाला, काका, जेवल्याशिवाय जाऊ नका. परशुराम जेवायला आला. माझ्याशी बोलला नाही, पण भाताचं भांडं माझ्याकडं सरकवलं. जेवताना पास्कल सांगत होता, त्याच्या मेरीचे गुडघे दुखतात, वसईला चर्चच्या पायऱ्या चढवत नाहीत, आणि इथं चार वर्षं अजून बाकी. तो ते नव्या पोरांना सांगत होता, मला नाही. मी ऐकत होतो.

येताना गाडीत मी समीरला म्हटलं, मंडळाला सांग, मी लिहितो. चिटणिसांनी कागद दिला होता तसं नाही, माझ्यासारखं. ह्या अंकाचे वाचक घुब्रात, खुवैरमध्ये बायकामुलांत राहणारे आहेत. त्यांच्या घरात वायरिंग करायला, एसी बघायला पास्कलसारखेच येतात. तू तिकडं बोललास, मी इकडं लिहिलं, ह्याच्यापलीकडं माझ्याकडं काही नाही. चिटणिसांना बायकामुलांचा भाग लांबला असं वाटलं तर त्यांनी गणिताचा काढावा, हा काढू नये.

भांडण आपलं तसंच आहे. तू आधी दार म्हणणार, मी बायको म्हणणार. तू असतास तर आज रात्री फोन केला असतास आणि मी तुझं ऐकलं नसतं.

पण एक शब्द मी परत घेतो. माझा शब्द परत घेतलेला तू सबंध आयुष्यात पाहिला नाहीस, आता बघायला नाहीस, तो तुझा दोष. फोनवर मी तुला उशीर म्हणालो. तो सुलूचा उशीर होता, आणि तो तुझा एकट्याचा नव्हता, त्यात मीही होतो. पास्कलची मेरी अजून आहे. परशुरामची बायको आहे. त्यांच्यासाठी तू वेळेवर बोललास.

दत्तू